मलिक अंबर आणि भातवडीचें तळें

आपल्या शाळेंत आष्टी तालुक्याकडून येणारीं जीं मुलें आहेत, त्यांस मेहकरी नदी कोणती हें सांगावयास नको. उन्हाळ्यांत तिच्या पात्रांत वाळूवांचून फारसें कांहीं दिसत नाहीं, आणि पाऊस चांगला झाला म्हणजे त्याच नदीकडे कित्येक गांवें आशेनें पाहतात. ही नदी नगरकडच्या डोंगरांतून निघून भातोडी नांवाच्या गांवावरून खालीं आपल्या जिल्ह्यांत उतरते. ह्या भातोडीस एक जुनें तळें आहे. इतिहासाच्या ग्रंथांतून ह्याच गांवाचें नांव भातवडी असें आढळतें. निजामशाहीचा प्रधान सलाबतखान ह्यानें तें तळें बांधविलें असें सांगतात; बीड शहराबाहेरील खजाना विहिरीशींहि सलाबतखान हेंच नांव जोडलेलें आहे. आपल्या कोरड्या मुलखांत पाणी अडवून ठेवणें हें केवढें पुण्याचें काम आहे तें आपणां सर्वांस ठाऊक आहे. असें असतां १६२४ सालीं ह्या भरलेल्या तळ्याचें पाणी एका माणसानें मुद्दाम मोकळें सोडलें. हा माणूस कोणी अविचारी तरुण नव्हता. त्याचें वय पंचाहत्तर वर्षांच्या घरांत होतें, आणि पाण्याची किंमत त्याच्याइतकी त्या वेळीं दक्षिणेंत दुसऱ्या कोणास कळत असेल असें मला वाटत नाहीं. त्याचें नांव मलिक अंबर. तो तेथपर्यंत कसा आला व त्यानें असें कां केलें हें सांगण्याचा ह्या लेखांत विचार आहे.

अंबर हा मूळचा हबसाण देशचा, म्हणजे आफ्रिका खंडांतील ज्या देशास आपण इथिओपिया म्हणतों तेथील. त्याचा जन्म सुमारें १५४८ सालीं झाला. आईबापांनीं ठेवलेलें त्याचें नांव चापू असें होतें. लहानपणींच तो गुलामांच्या व्यापाऱ्यांच्या हातीं सांपडला. तो कसा सांपडला, लढाईंत धरला गेला कीं दारिद्र्यामुळें विकला गेला, ह्याविषयीं भिन्न मतें आहेत. परंतु तांबड्या समुद्राच्या कांठीं मोखा बंदरांत त्याची विक्री झाली व तेथून तो बगदादेस गेला असें एका डच व्यापाऱ्यानें लिहून ठेविलें आहे. ह्या व्यापाऱ्याचें नांव पीटर व्हॅन डेन ब्रोके. तो १६१७ सालीं दक्षिणेंत फिरत असतां मलिक अंबरास प्रत्यक्ष भेटला होता. बगदादेस मीर कासिम नांवाच्या धन्यानें ह्या मुलास विकत घेतलें. हा धनी विचारी असावा. मुलाची बुद्धि पाहून त्यानें त्यास लिहावयास, वाचावयास व हिशेब ठेवावयास शिकविलें, मुसलमानी धर्माची दीक्षा दिली आणि अंबर हें नवें नांव दिलें. म्हणजे घर गेलें, देश गेला, आईनें ठेवलेलें नांवहि गेलें. त्या मुलापाशीं आपलें असें उरलें तें एवढें शिक्षणच. तें मात्र पुढें त्यास जन्मभर पुरलें.

मीर कासिमाबरोबर तो दक्षिणेंत आला व अहमदनगरच्या निजामशाहींत पेशवेपदावर असलेल्या चंगीझखानानें त्यास विकत घेतलें. हा चंगीझखान स्वतः हबशी असून एके काळीं गुलामच होता. त्याच्या पदरीं सुमारें एक हजार हबशी होते. आपल्याकडे गुलाम म्हटला म्हणजे जन्मभर दळण कांडण करणारा किंवा मळ्यांत राबणारा दुर्दैवी प्राणी डोळ्यांपुढें येतो. दक्षिणेंतील सुलतानांच्या राज्यांत लष्करी गुलामाची स्थिति थोडी वेगळी होती. धनी वारला म्हणजे पुष्कळदां तो मोकळा होई व आपल्या तरवारीवर पोट भरी. दरबाराचें काम कसें चालतें, सरदारांस कसें राखावें, कागदावरचा महसूल आणि शेतांतला दाणा ह्यांत अंतर कसें पडतें, हें सर्व अंबरानें चंगीझखानापाशीं पाहिलें. १५७४-७५ च्या सुमारास चंगीझखान मरण पावला. अंबर मोकळा झाला, त्याचें लग्न झालें, आणि त्याबरोबरच त्याचा आश्रयहि गेला.

ह्यापुढचीं वीस वर्षें थोडक्यांत सांगतां येतात, कारण त्यांत सांगण्यासारखें फारसें घडलेंच नाहीं. आज ह्या सुलतानाची चाकरी, उद्यां त्या सुलतानाची, असें चाललें होतें. विजापुरास त्यास थोडीबहुत मानमरातब मिळाली व मलिक हा किताबहि तेथेंच मिळाला; पण शिपायांस द्यावयास पुरेसा पैसा नाहीं म्हणून त्यानें तीहि चाकरी सोडली. तेव्हां त्याच्याबरोबर शेंदीडशें स्वार होते आणि वय पंचेचाळिशीच्या पुढें गेलें होतें. त्या काळीं ह्या वयांत माणूस म्हातारा गणला जाई. मीहि आतां त्याच वयाच्या आसपास असल्यामुळें ह्या गोष्टीकडे माझें लक्ष वारंवार जातें. मलिक अंबर त्या वर्षीं मेला असता तर त्याचें नांव आज कोणासहि ठाऊक नसतें.

१५९५ सालीं तो पुनः निजामशाहींत आला व अभंगखान नांवाच्या हबशी सरदाराच्या हाताखालीं राहिला. त्याच वर्षाच्या अखेरीस अकबराचा मुलगा मुराद ह्याच्या फौजेनें अहमदनगरच्या किल्ल्यास वेढा घातला. चांदबिबीनें तो किल्ला कसा लढविला हें तुम्हीं इतिहासाच्या पुस्तकांत वाचलेंच आहे. तिनें वऱ्हाड देऊन १५९६ सालीं राज्य वांचविलें खरें, पण तें चार वर्षांपुरतेंच. १६०० सालीं चांदबिबीस तिच्याच माणसांनीं ठार केलें, किल्ला पडला, आणि बहादूर नांवाचा जो लहान मुलगा गादीवर होता त्यास मोगलांनीं ग्वाल्हेरच्या किल्ल्यांत नेऊन ठेविलें. राजा नाहीं, राजधानी नाहीं, खजिना नाहीं. निजामशाही संपली असेंच आग्र्यास सर्वांनीं समजून घेतलें, आणि तसें समजण्यांत त्यांची चूक होती असेंहि म्हणतां येत नाहीं.

ह्याच वेळीं अंबराचा खरा उदय झाला. त्याच्या दीडशें स्वारांचे हजारों झाले होते. फुटलेल्या फौजांतील शिपाई, ज्यांचीं वतनें गेलीं ते देशमुख, पोटासाठीं निघालेले मराठे बारगीर, धनी मेल्यामुळें निराश्रित झालेले हबशी, असे लोक त्याच्याभोंवतीं जमले. परंतु केवळ जमाव म्हणजे राज्य नव्हे. राज्यास राजा लागतो. अंबरानें निजामशाही घराण्यांतील एक तरुण शोधून काढला, त्यास मूर्तजा निजामशहा म्हणून परांड्याच्या किल्ल्यावर गादीवर बसविलें आणि आपली मुलगी त्यास दिली. परांडा म्हणजे आपल्या शेजारच्या धाराशिव जिल्ह्यांतील किल्ला. अहमदनगर गेलें तर परांडा; पुढें परांड्याहून जुन्नर; जुन्नराहून दौलताबाद; आणि दौलताबादेच्या पायथ्याशीं खडकी. राजधानी म्हणजे दगडचुन्याचा वाडा नसून जेथें कारभार चालतो ती जागा होय, हें त्या एका माणसास पक्कें उमगलें होतें. मोगलांनीं एक शहर घ्यावें तों राज्य दुसऱ्या ठिकाणीं चालूच असे.

त्याचे शत्रु एकटे मोगलच नव्हते. राजू दख्खनी नांवाचा एक सरदार उत्तरेकडचा प्रदेश बळकावून बसला होता व तोहि निजामशाहीच्याच नांवानें लढत होता. अंबर मोगलांकडे वळला कीं राजू पाठीवर येई. अशा ओढाताणींत १६०२ सालीं नांदेडापाशीं मोगल सेनापति खानखानान ह्याचा मुलगा इरज ह्याच्याशीं अंबराची गांठ पडली. त्या लढाईंत अंबराचा पूर्ण मोड झाला. तो स्वतः जखमी होऊन पडला, आणि त्याच्या माणसांनीं त्यास उचलून नेलें म्हणूनच वांचला. बरा झाल्यावर त्यानें काय केलें म्हणाल, तर ज्या खानखानानाच्या मुलानें त्यास पाडलें त्या खानखानानाशींच तह केला. अभिमानानें पेटून पुनः तसाच चालून गेला नाहीं. ज्या मैदानांत जड घोडदळ व तोफखाना ह्यांचेंच चालतें त्या मैदानांत आपण उतरावयाचें नाहीं, एवढा धडा त्यानें घेतला. पुढें चार-पांच वर्षांत राजूस पकडून त्यानें तो कांटा काढला, आणि १६१० च्या सुमारास अहमदनगरचा किल्लाहि परत मिळविला.

त्याच्या लढण्याची पद्धत येथें नीट समजून घेतली पाहिजे, कारण तिचें पुढें काय झालें हें महाराष्ट्रांतील प्रत्येक मूल जाणतें. मोगली फौज म्हणजे एक चालतें शहर असे. हत्ती, तोफा, तंबू, बाजार, बुणगे, सरदारांचे जनाने, असा लवाजमा बरोबर. त्या सर्वांस रोज दाणा व वैरण पाहिजे, आणि ती बऱ्हाणपुराकडून घाट चढून यावी लागे. अंबराचे स्वार हलके असत. मोगल चालून आले म्हणजे ते मागें सरत, बाजूनें घिरट्या घालीत, रसद मारीत, रात्रीं छावणीवर अग्निबाण सोडून कोणास झोप घेऊं देत नसत. १६११ सालीं जहांगिराच्या हुकुमावरून अब्दुल्लाखान गुजराथेंतून मोठी फौज घेऊन नाशिकच्या वाटेनें दक्षिणेंत उतरला. वऱ्हाडाकडून दुसरी फौज येऊन त्यास मिळावयाची होती. परंतु सर्व यश आपणांस एकट्यासच मिळावें ह्या हांवेनें तो दुसऱ्या फौजेची वाट न पाहतां दौलताबादेपर्यंत धांवला. अंबरानें त्यास येऊं दिलें आणि मग चोहोंकडून कोंडलें. दाणापाणी तुटलें, रोज माणसें गळूं लागलीं, आणि अब्दुल्लाखान आल्या वाटेनें गुजराथेकडे परतला. ती बातमी ऐकून दुसरी फौजहि मागें फिरली. विल्यम फिंच नांवाच्या इंग्रज प्रवाशानें १६१० च्या सुमारास अंबराची फौज दहा हजार हबशी व चाळीस हजार दख्खनी एवढी सांगितली आहे. ह्या दख्खनी लोकांत मराठे फार होते. वेरूळच्या भोसले घराण्याचा उत्कर्ष ह्याच चाकरींत झाला.

येथें एका अप्रिय गोष्टीचा उल्लेख केल्यावांचून पुढें जाणें बरें नव्हे. ज्या मूर्तजास अंबरानें गादीवर बसविलें, त्याचें व अंबराचें पुढें पटेना. राजाच्या इराणी बेगमेनें अंबराच्या मुलीचा व अंबराचाहि अपमान केला असें सांगतात. १६१० सालीं राजा व ती बेगम ह्या दोघांसहि विष देण्यांत आलें, आणि राजाचा पांच वर्षांचा मुलगा गादीवर बसला. हें कृत्य अंबराच्या संमतीनें झालें असेंच इतिहासकार मानतात. राज्य टिकविण्यासाठीं तसें करणें भाग होतें असें कांहीं लेखक म्हणतात. मला तें पटत नाहीं. थोर पुरुषाचें चरित्र सांगतांना त्याचे डाग पुसून सांगण्याची आपल्याकडे संवय आहे. पण मुलें एक दिवस मोठे ग्रंथ वाचतील आणि मग मास्तरांनीं आपणांस अर्धेंच सांगितलें असें त्यांस वाटेल. तें मला नको आहे.

आतां त्याच्या दुसऱ्या कामाकडे वळूं. दौलताबादेपासून कांहीं कोसांवर खडकी नांवाचें लहानसें खेडें होतें. तेथें अंबरानें शहर वसविलें. हेंच पुढें औरंगाबाद झालें व आज त्यास छत्रपती संभाजीनगर म्हणतात. मोगलांवरील विजयाची खूण म्हणून १६१२ सालीं त्यानें तेथें बांधलेला भडकल दरवाजा आपल्यापैकीं पुष्कळांनीं पाहिला असेल. परंतु दरवाजापेक्षां मोठी गोष्ट जमिनीखालीं आहे. त्या जागीं मोठ्या वस्तीस पुरेल असें पाणी नव्हतें. अंबरानें उत्तरेकडच्या डोंगरांत जमिनीच्या पोटांत मुरलेलें पाणी हेरलें, तें भुयारी कालव्यांतून उतारानें शहरापर्यंत आणलें, मध्यें ठिकठिकाणीं तपासणीसाठीं तोंडें ठेविलीं आणि शहरांत हौदांतून तें खेळविलें. मोट नाहीं, बैल नाहीं. केवळ उताराच्या बळावर पाणी वाहतें. जमिनीचा चढउतार थोडा जरी चुकला तरी असें काम वायां जातें. ह्या नहरीचें पाणी त्या शहरानें पुढें शतकानुशतकें वापरलें.

शेतकऱ्यांसाठींहि त्यानें असेंच खालपासून काम केलें. त्यापूर्वीं गांवांचा वसूल मक्त्यानें देण्याची चाल होती. मक्तेदार सरकारांत ठराविक रक्कम भरी व मग रयतेपासून ओरबाडतां येईल तितकें ओरबाडी. अंबरानें मक्ता बंद केला. जमिनीची प्रत पाहून, पिकाचा अंदाज घेऊन त्यानें धारा ठरविला. प्रथम पिकाचा सुमारें दोन-पंचमांश भाग धान्यांत व पुढें सुमारें एक-तृतीयांश किंमतीचा रोख. पाटील कुळकर्ण्यांचे हक्क त्यानें कायम केले. सतत लढाई चालू असलेल्या मुलखांत पेरणी होत राहिली पाहिजे, नाहीं तर फौजेस दाणा कोठून मिळणार, हा त्यांतील हिशेब उघड आहे. पण हेतु कांहींहि असो, ज्याच्या खळ्यावरचा मक्तेदार गेला त्या कुणब्यानें त्यास दुवाच दिला असेल. मराठवाड्यांत व देशावर मलिक अंबरी धारा हे शब्द पुष्कळ पिढ्या लोकांच्या तोंडीं राहिले.

एवढें उभें केलेलें एका आठवड्यांत मातीस मिळालें तर माणसाची काय स्थिति होईल ? अंबरावर तो प्रसंग दोनदां आला. १६१६ सालीं त्याचे कांहीं सरदार रुसून मोगलांस जाऊन मिळाले. त्यांत सिंदखेडचे लखुजी जाधवराव होते. घरचें भेदी हातीं येतांच खानखानानाचा तोच मुलगा इरज ऊर्फ शहानवाजखान चालून आला व जालन्याजवळ रोषणगांव येथें लढाई झाली. मध्यें एक ओढा होता. अंबराचे निवडक स्वार तो ओलांडूं लागले तों पलीकडच्या मोगल तिरंदाजांनीं त्यांस तेथेंच गांठलें, आणि सायंकाळपर्यंत सर्व फौज उधळली. विजयी सैन्य खडकींत शिरलें व त्यानें शहर जाळलें. जहांगिराच्या दरबारांतील अबुल हसन ह्या चित्रकारानें ह्याच सुमारास एक चित्र काढलें आहे. त्यांत बादशहा भाल्यावर खोंचलेल्या अंबराच्या मस्तकावर बाण मारीत आहे. हें चित्र आज डब्लिन येथील संग्रहांत आहे. तें मस्तक बादशहाच्या हातीं कधींहि आलें नाहीं. तें केवळ चित्रांतच राहिलें. आपल्या रोजनिशींत जहांगीर ह्या माणसाचें नांव शिवी जोडल्यावांचून लिहीत नाहीं. ज्याची भीति वाटत नाहीं त्यास कोणी इतक्या शिव्या देत नाहीं, हें मुलांच्याहि लक्षांत येईल.

अंबरानें खडकी पुनः उभी केली. १६१७ सालीं शहाजादा खुर्रम दक्षिणेवर आला, तेव्हां लढण्याचें बळ नाहीं हें ओळखून त्यानें अहमदनगरचा किल्ला व बालाघाटाचा जिंकलेला मुलूख मुकाट्यानें परत केला. ह्याच कामगिरीबद्दल खुर्रमास शहाजहान हा किताब मिळाला. तीन वर्षें गेलीं. जहांगीर काश्मिरांत आहे व दक्षिणेंतील मोगल सरदार आपसांत भांडत आहेत असें पाहून १६२० सालीं अंबरानें तह मोडला, मोगलांस मागें रेटीत बऱ्हाणपुरांत कोंडलें, आणि त्याचे स्वार नर्मदा ओलांडून मांडवगडापर्यंत गेले. १६२१ सालीं शहाजहान पुनः आला व त्यानें खडकी पुनः उध्वस्त केली. पुनः तह, पुनः मुलूख व खंडणी देणें. खडकीचे लोक पुनः परत येऊन घरें शाकारूं लागले. जमिनीखालचें पाणी वाहत होतें.

आतां भातवडीची गोष्ट. १६२३ सालीं शहाजहानानें बापाविरुद्ध बंड केलें व मोगल दरबार त्याच्या पाठलागांत गुंतला. दक्षिणेंत मोगलांस एका मित्राची गरज होती. अंबर व विजापूरचा इब्राहीम आदिलशहा ह्या दोघांनींहि हात पुढें केला होता. मोगलांनीं विजापूरची निवड केली. विजापूरचा सेनापति मुल्ला महंमद लारी उत्तम फौज घेऊन बऱ्हाणपुरास गेला. म्हणजे आतां उत्तरेस मोगल, दक्षिणेस आदिलशाही, आणि मध्यें अंबर. जात्याच्या दोन तळ्यांमध्यें सांपडलेल्या दाण्यासारखी त्याची अवस्था झाली. पण लारी बऱ्हाणपुरास गेल्यानें विजापूर उघडें पडलें आहे, हेंहि त्याच्या लक्षांत आलें. त्यानें प्रथम गोवळकोंड्याच्या सरहद्दीवर जाऊन कुतुबशहाकडील थकलेला पैसा वसूल केला व त्याशीं सख्य केलें. मग अकस्मात् बेदरावर झडप घालून तेथील आदिलशाही फौज उधळली, आणि तसाच पुढें जाऊन खुद्द विजापुरास वेढा घातला. इब्राहीम आदिलशहा कोटाच्या आंत अडकला. त्यानें लारीस परत बोलाविलें, व त्याबरोबर लष्करखान इत्यादि मोगल सरदारहि मोठ्या सैन्यानिशीं निघाले.

दोन्ही फौजा एक झाल्या तेव्हां अंबरास विजापूरचा वेढा उठवावा लागला. तो मागें सरत आपल्या मुलखाकडे निघाला. वाटेंत त्यानें मोगल सरदारांकडे निरोप पाठविले कीं आमचें भांडण विजापूरशीं आहे, तुम्ही मध्यें पडूं नका. कोणीं ऐकलें नाहीं. पाठलाग चालूच राहिला. शेवटीं अहमदनगरपासून पांच कोसांवर भातवडीस तो थांबला. एका अंगास नदी, दुसऱ्या अंगास तळें, अशी ती जागा होती. सैन्य शत्रूच्या मानानें थोडें, दमलेलें. मागें फिरावयास जागा नाहीं. पाऊस पडत होता. येथें त्यानें तळ्याचें पाणी सोडलें.

ज्यांनीं काळ्या जमिनींत पावसाळ्यांत गाडी हांकली आहे त्यांस पुढचें वर्णन करून सांगण्याची गरज नाहीं. पाण्यानें कोणी बुडालें नाहीं, व कोणास बुडविण्याचा हेतुहि नव्हता. समोरच्या सर्व रानाचा चिखल झाला एवढेंच. घोड्यांचे पाय रुतूं लागले, तोफांच्या गाड्या जागच्या हलेनात, हत्तीहि निरुपयोगी झाले. ज्या बळाच्या भरंवशावर मोगल व विजापुरी आले होते तें सर्व बळच त्यांच्या गळ्यांतील लोढणें झालें. त्यांस होते तेथेंच मुक्काम करावा लागला. मग अंबरानें आपलें जुनें काम आरंभिलें. रात्रीं छापे, दिवसां रसदेवर झडप. छावणींत धान्य महागलें, मग मिळेनासें झालें. उपाशी शिपाई एकेक करून अंबराच्या गोटांत येऊं लागले, व अंबर त्यांस जेवूं घालून ठेवून घेऊं लागला. विजापूरहून मदत पाठविण्यांत आली, पण तिच्यानें ही अवस्था पालटली नाहीं. आणि मग, शत्रु पुरता खचला असें पाहून, तो वृद्ध सेनापति एकदम चालून गेला.

लढाई फार वेळ चालली नाहीं. लारी मारला गेला. तो पडतांच विजापुरी फौज फुटली, आणि मोगलांकडील जाधवराव इत्यादि मराठे सरदार तर न लढतांच निघून गेले. अंबराच्या बाजूस शहाजी भोसले व त्यांचे बंधु शरीफजी हे लढत होते. म्हणजे जांवई एका बाजूस व सासरा दुसऱ्या बाजूस असा प्रकार होता. शरीफजी त्या दिवशीं रणांत पडले. भातोडीस त्यांची समाधि आहे. लष्करखान व दुसरे अनेक मोगल सरदार कैद होऊन दौलताबादेस गेले. जे निसटले त्यांपैकीं खंजरखान अहमदनगरच्या किल्ल्यांत शिरला, आणि जानसिपारखान नांवाचा सरदार धांवत आपल्या बीडास आला. बीड त्याच्या जहागिरींत होतें. त्यानें घाईघाईनें बीडचा किल्ला लढाईसाठीं सज्ज केला. त्या रात्रीं बीडच्या कोटाच्या आंतील माणसें कोणत्या काळजींत असतील, ह्याची कल्पना मी पुष्कळदां केली आहे. अंबर बीडावर आला नाहीं. अहमदनगरास वेढा घालून तो विजापुराकडे वळला, इब्राहीम आदिलशहाचें आवडतें नौरसपूर त्यानें लुटलें, आणि १६२५ सालीं सोलापूरचा किल्ला घेतला. नौरसपूर हें कलावंतांचें शहर होतें. खडकीची राख ज्यानें दोनदां पाहिली त्यानें तरी तें वांचवावयास हवें होतें असें मनांत येतें. पण तसें झालें नाहीं.

तरुण शहाजीनें भातवडीस काय पाहिलें ह्याचा विचार करण्यासारखा आहे. लहान फौजेनें मोठीशीं कसें झुंजावें, मागें सरणें म्हणजे हरणें नव्हे, डोंगर, पाऊस व उपास हेहि आपले शिपाईच आहेत, हें सर्व त्यानें त्या चिखलांत डोळ्यांनीं पाहिलें. लढाईनंतर सहा वर्षांच्या आंत शिवनेरीवर त्यास पुत्र झाला. त्या पुत्राविषयीं ह्याच अंकांत दुसऱ्या वर्गाच्या मुलांचे निबंध आहेत, म्हणून मी येथें अधिक लिहीत नाहीं.

१६२६ सालच्या मे महिन्यांत मलिक अंबर वारला. त्याचें वय सुमारें ७८ वर्षांचें होतें. पंचवीस वर्षें त्यानें जें राज्य एकट्याच्या खांद्यावर तोललें, तें त्याच्यामागें सात वर्षेंहि धडपणें टिकलें नाहीं. १६३३ सालीं त्याचा मुलगा फत्तेखान ह्यानें दौलताबाद मोगलांच्या स्वाधीन केली. शहाजीनें आणखी तीन वर्षें एका लहान मुलास गादीवर बसवून झुंज दिली, तीहि अगदीं अंबराच्याच रीतीनें, पण ती साधली नाहीं. अंबर मेल्यावर मात्र मोगल दरबारच्या तवारीखकारानें त्याच्याविषयीं आदरानें लिहिलें; जिवंतपणीं हें कोणास जमलें नव्हतें.

त्याची कबर खुलताबादेस आहे. तेथेंच थोड्या अंतरावर शहाजहानाचा मुलगा औरंगजेब ह्याचीहि कबर आहे. गेल्या वर्षीं सहलीस गेलेल्या मुलांनीं दोन्ही पाहिल्या. औरंगजेबाची कबर सर्वांनीं विचारून विचारून शोधिली; अंबराच्या घुमटाकडे आम्ही चौघेच गेलों. परत येतांना आष्टीकडच्या एका मुलानें मला विचारलें कीं, तळें फोडल्यावर खालच्या गांवांचें त्या वर्षीं काय झालें असेल ? ह्याचें उत्तर मला कोणत्याहि ग्रंथांत सांपडलेलें नाहीं. भातोडीच्या तळ्याचा बांध पुढें इंग्रजी अमदानींत दुरुस्त करण्यांत आला, आणि पाऊस चांगला झाला म्हणजे तें आजहि भरतें.